मोड येणं वेगळं, रोप होणं वेगळं

नवरात्राच्या आदल्या दिवशी दादरच्या फुलबाजाराबाहेर घटाची माती पुड्यांतून विकायला येते. चाळीत काय नि टॉवरमध्ये काय, माती विकतच आणायची. परडीत पसरून धान्य पेरलं की तीन-चार दिवसांत देवघराच्या अंधारात पिवळट कोंब वर येतात. परग्रहावर झाडं उगवतील का, ही चर्चा निघाली की मला ते पिवळे कोंब आठवतात.

शंभर वर्षांपूर्वी प्रश्न वेगळाच होता: तिथं झाडं आहेतच, ती कसली? मंगळावरचे काळसर पट्टे ऋतूप्रमाणे गडद-फिके होतात, म्हणजे तो पालाच, असं अमेरिकी खगोलशास्त्रज्ञ पर्सिव्हल लॉवेल यांचं ठाम मत. सोव्हिएत संघात खगोलशास्त्रज्ञ गाव्रिल तिखोव यांनी तर या अभ्यासाची वेगळी शाखाच काढली. १९५०च्या दशकाअखेरीस अमेरिकी खगोलशास्त्रज्ञ विल्यम सिंटन यांना मंगळाच्या अवरक्त, म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या, प्रकाशात वनस्पतींच्या खुणा दिसल्या. त्या निघाल्या आपल्याच हवेतल्या जड पाण्याच्या, म्हणजे जड हायड्रोजन असलेल्या वाफेच्या! जुलै १९६५मध्ये नासाच्या मरिनर-४ यानाने उजाड विवरांची छायाचित्रं धाडली आणि पाल्याचा विषय मिटला. पट्ट्यांचा खेळ वाऱ्यावर उडणाऱ्या धुळीचा होता.

मग प्रश्न उलटा झाला. आपलं बी तिथं लावलं तर? जानेवारी २०१९मध्ये चीनच्या चांग-अ ४ यानातल्या डब्यात, चंद्रावर, कापसाला कोंब फुटला. माती मात्र इथूनच नेलेली, आणि तिथली रात्र पडताच थंडीनं कोंब गेला. ३० डिसेंबर २०२४ला इस्रोने कक्षेत पाठवलेल्या चवळीच्या ८ बियांना चौथ्या दिवशी मोड आले, पुढे पानंही फुटली. बातमी आनंदाचीच. पण उसळीसाठी मटकी भिजवणाऱ्या कुणालाही ठाऊक आहे, मोडाला माती लागतच नाही. बी आपली शिदोरी बरोबर घेऊनच निघतं. खरी परीक्षा ती संपल्यावर.

ती परीक्षा २०२२मध्ये फ्लोरिडा विद्यापीठातल्या प्रयोगात दिसली. अपोलो ११, १२ आणि १७ या मोहिमांनी आणलेली चांद्रमाती, सगळी मिळून १२ ग्रॅम; दादरची एक पुडीसुद्धा याहून जड भरते. एका रोपाच्या वाट्याला जेमतेम ग्रॅमभर. मोहरीच्या कुळातल्या अरॅबिडॉप्सिसचं बी त्यात टाकलं, पाणी आणि खतपाणी वरून दिलं. सगळीकडे बी रुजलं. आठवडाभरात मुळं मात्र खुरटली, काही पानांवर लालसर-काळपट छटा चढली. विसाव्या दिवशी रोपं कापून तपासली, तेव्हा क्षार आणि धातूंचा मारा सोसताना झाड जी जनुकं जागी करतं तीच जागी झालेली दिसली. सर्वांत वाईट हाल अपोलो ११च्या मातीत.

मंगळाची माती याहून खडतर. २००८मध्ये फिनिक्स यानाला तिच्यात परक्लोरेटचे, म्हणजे झाडांना घातक असे, क्षार सापडले. म्हणजे लावणीआधी ती धुऊन घ्यायची, आणि धुवायचं पाणी बर्फ खणून काढायचं.