आगबोट सुटताना: धक्क्यावरच्या कॅमेऱ्याची गोष्ट

कोल्हापूरला समुद्र नाही. १८९१ मध्ये मिरजेची रेल्वे आल्यावर विलायतेला निघालेला माणूस इथूनच गाडीत बसायचा आणि निरोपाची खरी रडारड स्टेशनावरच उरकायची. तरी जुन्या चित्रफितींत निरोप दिसतो तो बंदराच्या धक्क्यावरचा. याचं कारण कॅमेऱ्याच्या घडणीत आहे.

सिनेमाचं यंत्र घडवणाऱ्या फ्रान्सच्या ल्युमिएर बंधूंच्या कॅमेऱ्यात सतरा मीटर फीत मावे. हातानं दांडा फिरवायचा, पन्नासेक सेकंदांत खेळ खलास. यंत्र तिपाईवर एका जागी. मग विषय असा हवा, की वेळ आधी ठाऊक, ऊन भरपूर, गर्दी आयती आणि हलणारी वस्तू संथ. सुटणारी आगबोट त्यात चपखल बसली. १४ ऑक्टोबर १८९९ ला ब्रिटिश सेनापती जनरल बुलर यांना घेऊन 'डनॉटर कॅसल' ही आगबोट इंग्लंडच्या साउदॅम्प्टन बंदरातून दक्षिण आफ्रिकेतल्या बोअर युद्धाला निघाली, तेव्हा डिक्सन हा कॅमेरावाला तर बोटीवरच चढला होता.

या फितींत टोप्या आणि हातरुमाल भरपूर. दोर सोडणारे खलाशी दिसले तर कडेला, क्षणभर. खाली बॉयलरपाशी कोळसा ओढणारे मुळीच नाहीत. तिथं त्या काळच्या फितीला पुरेल एवढा उजेडच नव्हता. (असता तरी कॅमेरा खाली उतरला असता का, याची मला शंकाच आहे.)

मुंबईत सिनेमा आला तोही बोटीनं. ७ जुलै १८९६ ला वॉटसन हॉटेलात खेळ करणारा ल्युमिएर बंधूंचा माणूस मारियुस सेस्तिए निघाला होता ऑस्ट्रेलियाला. मुंबई हा वाटेतला मुक्काम. पुढं १९०१ मध्ये मुंबईचे छायाचित्रकार सावेदादा (हरिश्चंद्र भाटवडेकर) यांनी केंब्रिजहून गणिताची मानाची 'रँग्लर' पदवी घेऊन आलेल्या परांजप्यांचं स्वागत टिपलं. गोरा कॅमेरा जाणाऱ्यांकडं बघत होता, आपला परतणाऱ्याकडं वळला. कोल्हापूरकराला हे लगेच उमगावं. विलायतेला गेलेले आपले राजाराम महाराज १८७० मध्ये फ्लॉरेन्सलाच वारले, परत आलेच नाहीत. १९०२ मध्ये एडवर्ड सातव्याच्या राज्याभिषेकासाठी गेलेले शाहू महाराज मात्र सुखरूप परतले.

कोल्हापुरात बाबूराव पेंटरांनी स्वतःच कॅमेरा घडवला, पण त्यातून १९२० मध्ये उतरलं ते पौराणिक 'सैरंध्री'. कोरी फीत मात्र परदेशातूनच, बोटीनं यायची.

२८ फेब्रुवारी १९४८ ला सॉमरसेट पलटणीचे शेवटचे गोरे शिपाई गेटवेतून निघाले, तेव्हाही वार्तापटवाले कॅमेरे लावून उभे होते. कोल्हापूर संस्थान विलीन व्हायला अजून एक वर्ष होतं.