आठवणींचं विद्यापीठ: कल्पनेमागचा इतिहास

संस्कृतीची स्मृती जपणारं एखादं काल्पनिक विद्यापीठ रंगवायचं म्हटलं की सामान ठरलेलं असतं. कड्यावरचा बुरूज, जमिनीखाली उतरत जाणारे मजले, दिवा घेऊन फिरणारा म्हातारा ग्रंथपाल, आणि शंभर-दोनशे वर्षांपूर्वी लागलेली एक प्रचंड आग. यातली प्रत्येक गोष्ट खऱ्या इतिहासातून उचललेली आहे. आगसुद्धा. फक्त उचलताना तिचा अर्थ थोडा बदलला.

सुरुवात नावापासून करू. ‘म्यूझियम’ हा शब्द आला ग्रीक ‘मूसेइऑन’वरून, म्हणजे म्यूझ देवतांचं ठाणं. या नऊ देवतांची आई नेमोसिनी, आणि नेमोसिनी म्हणजे स्मृती. काव्य, इतिहास, नृत्य, खगोल या साऱ्या स्मृतीच्या लेकी, असं ग्रीकांनी आधीच ठरवून टाकलं होतं. इ. स. पू. तिसऱ्या शतकात टॉलेमी राजांनी इजिप्तमधल्या अलेक्झांड्रियात असं मूसेइऑन थाटलं. विद्वानांना पगार, एकत्र जेवण आणि करमाफी. पुस्तकं जमवण्याची रीत मात्र दांडगाईची होती. गेलन हा वैद्य लिहून गेला आहे की बंदरात लागलेल्या जहाजांवरची पुस्तकं काढून घ्यायचे, नक्कल करायचे, मूळ प्रत स्वतःकडे ठेवायचे आणि नक्कल मालकाला द्यायचे. त्या प्रतींवर शेरा असे: ‘जहाजांतून’. तिथल्या कॅलिमाकस या कवी-विद्वानाने केलेली ग्रंथकारांची सूची १२० गुंडाळ्यांची होती. काल्पनिक विद्यापीठांतले ते न संपणारे सूचीकक्ष इथले.

आता आग. इ. स. पू. ४८ मध्ये रोमन सेनानी सीझरच्या लढाईत बंदरात आग लागली आणि पुस्तकं जळाली, हे खरं. पण त्याच्या जवळजवळ शंभर वर्षं आधी, इ. स. पू. १४५ च्या सुमारास, आठव्या टॉलेमीने विद्वानांनाच शहरातून हुसकावलं होतं. पपायरस, म्हणजे पाणवनस्पतीपासून केलेला तेव्हाचा कागद, काही अमर नसतो. ठरावीक काळाने त्याची नवी प्रत करावीच लागते. नक्कल करणारा हात थांबला की ग्रंथालय आगीविनाही मरतं, सावकाश, कुणाच्या लक्षातही न येता. कथेला हे सोयीचं नाही, म्हणून लेखक काडी ओढतात. मला तरी तो आळस वाटतो.

त्यातून आगीचा स्वभावही एकसारखा नाही. असिरियाच्या असुरबनिपाल राजाने आजच्या इराकमधल्या निनेव्हेत मातीच्या पाट्यांचं ग्रंथालय उभारलं होतं. इ. स. पू. ६१२ मध्ये शत्रूंनी शहर जाळलं, आणि त्या जाळात कितीतरी पाट्या भट्टीतल्या विटांसारख्या पक्क्या भाजून निघाल्या. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यावर त्या उकरून काढल्या. आज तिथल्या तीस हजारांहून जास्त पाट्या आणि तुकडे ब्रिटिश म्यूझियममध्ये आहेत. जाळणाऱ्यांनीच जपून ठेवलं म्हणायचं.

पण मुळात स्मृतीला विद्यापीठ लागतं कशाला? जर्मन अभ्यासक यान आसमान यांनी याचं उत्तर जवळजवळ हिशेब मांडून दिलं आहे. त्यांच्या आधी १९२५ मध्ये फ्रेंच समाजशास्त्रज्ञ मोरीस आल्ब्वाक्स यांनी म्हटलं होतं की माणूस एकट्याने आठवत नाही, समाजाच्या चौकटीत आठवतो. आसमान पुढे गेले. घराघरांतून बोलण्यातून चालत येणारी आठवण ८० ते १०० वर्षं टिकते, म्हणजे तीन-चार पिढ्या. पणजीने पाहिलेलं पणतीपर्यंत पोचतं, त्यापुढे धूसर होतं. ज्याला त्याहून जास्त टिकायचं आहे, त्याला विधी लागतो, ग्रंथ लागतो आणि ते सांभाळणारी खास माणसं लागतात. हीच ‘सांस्कृतिक स्मृती’. काल्पनिक विद्यापीठ उभं असतं ते बरोबर या शंभर वर्षांच्या उंबरठ्यावर.

त्या खास माणसांच्या युक्त्या पुस्तकांहून भारी आहेत. ग्रीकांची गोष्ट सिमोनिडीस या कवीची: मेजवानीचं छत कोसळलं, प्रेतं ओळखू येईनात, तेव्हा कोण कुठे बसलं होतं हे आठवून त्याने एकेकाची ओळख पटवली. त्यातून मनातल्या वास्तूत गोष्टी जागोजाग ठेवण्याची विद्या निघाली, अशी आख्यायिका. भुयारी दालनांचं सगळं वेड इथून आलेलं. वैदिकांची तऱ्हा वेगळी. तिथे वास्तूच नाही, फक्त आवाज. घनपाठ या वेदपठणाच्या पद्धतीत क, ख, ग हे तीन शब्द असे म्हणतात: कख, खक, कखग, गखक, कखग. मग ख, ग आणि पुढचा शब्द घेऊन पुन्हा तेच. ऐकायला घोकंपट्टी, पण शब्द उलटसुलट फिरत असल्याने एखादा गळला किंवा सरकला की तिथल्या तिथे उघडा पडतो. चूक पकडायची सोय पाठांतराच्या आतच शिवलेली.

मध्य आफ्रिकेतल्या लुबा लोकांकडे ‘लुकासा’ नावाची हातात मावेल एवढी फळी असते, तिच्यावर मणी आणि शिंपल्या. जाणकार त्यांवरून बोट फिरवत राजांचा इतिहास सांगतो, आणि प्रसंग बदलला की सांगणंही बदलतं. दक्षिण अमेरिकेतल्या इंका लोकांकडे नोंदी ठेवायला दोऱ्यांच्या गाठी होत्या. शाई नसलेलं विद्यापीठ रंगवणाऱ्याला इथे खजिना आहे, पण तिकडे फारसं कुणी फिरकत नाही.

खलनायकांचंही तसंच. १२ जुलै १५६२ रोजी मेक्सिकोतल्या युकातानमधल्या मानी गावात दिएगो दे लांदा या स्पॅनिश धर्मगुरूने माया लोकांच्या पोथ्या जाळल्या. आज अशा फक्त चार पोथ्या शिल्लक धरल्या जातात. पण याच लांदाने नंतर माया चालीरीतींवर टिपण लिहिलं, त्यात लिपीची काही चिन्हंही उतरवून ठेवली. १९५२ मध्ये सोव्हिएत अभ्यासक युरी क्नोरोझोव यांना लिपीचं कोडं सोडवताना तीच यादी उपयोगी पडली. जाळणारा आणि नोंद ठेवणारा एकच माणूस! कथेतला एखादा कुलगुरू असा असायला काय हरकत आहे?

विद्यापीठाचं खरं काम मात्र मला साठवण्यापेक्षा भांडणात दिसतं. तेराव्या शतकात म्हाइंभटांनी चक्रधरस्वामींच्या लीळा ज्यांनी पाहिल्या-ऐकल्या त्यांच्याकडे जाऊन गोळा केल्या आणि नागदेवाचार्यांकडून पडताळून घेतल्या. परंपरा सांगते की पुढे स्वाऱ्यांच्या धामधुमीत मूळ पोथी हरवली आणि पाठ असलेल्यांच्या आठवणीतून ती पुन्हा उभी राहिली. आठवणी अर्थातच जुळल्या नाहीत. म्हणून लीळाचरित्राच्या पोथ्यांत अमक्याचा पाठ असा, तमक्याचा तसा, असे भेदही नोंदलेले सापडतात. एकाच आठवणीला शिक्का मारून बाकीच्या फेकून देणं सोपं होतं, ते त्यांनी केलं नाही.

आणि नालंदा. पाचव्या शतकात उभं राहिलेलं हे महाविहार १२०० च्या सुमारास उद्ध्वस्त झालं, तिथेच आपण पान मिटतो. पण १२३५ च्या आसपास धर्मस्वामी नावाचा तिबेटी भिक्षू तिथे पोचला, तेव्हा पडक्या विहारांत नव्वदी ओलांडलेले राहुल श्रीभद्र सत्तरेक विद्यार्थ्यांना संस्कृत व्याकरण शिकवत होते. सैनिक येत असल्याची बातमी आली, विद्यार्थी पांगले. गुरूंना पळणं शक्य नव्हतं. धर्मस्वामीने त्यांना पाठीवर घेतलं आणि जवळच्या एका देवळात नेऊन लपवलं. सैनिक आले, पण हे दोघे काही त्यांच्या हाती लागले नाहीत.