हिंदी चित्रपटांतील मानसोपचार

हिंदी चित्रपटांत मनोविकार कृष्णधवल काळापासून दिसतो. मानसोपचार, म्हणजे तज्ज्ञासमोर बसून किंवा रोजची गोळी घेऊन महिनोन्महिने चालणारे बरे होणे, मात्र फार कमी दिसते. अडीच-तीन तासांच्या कथेत तेवढा वेळ कुठून काढायचा, हे एक कारण. त्याहून मोठे कारण म्हणजे या पडद्याने प्रेमालाच औषध मानले. आईची हाक, जुने गाणे, डोक्यावर बसलेला दुसरा आघात, एवढ्यावर हरवलेली स्मृती परत येते.

या समजुतीची किंमत सर्वांत प्रामाणिकपणे दाखवली ती असित सेन यांच्या ‘खामोशी’ने. त्यांच्याच ‘दीप ज्वेले जाय’ (१९५९) या बंगाली चित्रपटाची ही हिंदी आवृत्ती. मनोरुग्णालयाचे प्रमुख कर्नलसाहेब एक प्रयोग मांडतात: प्रेमभंगाने कोसळलेल्या तरुणावर परिचारिकेने प्रेम असल्याचे भासवायचे आणि त्यातून त्याला सावरायचे. राधा (वहिदा रहमान) पहिल्या रुग्णाला बरे करते, पण त्याच्यात खरोखर गुंतते. तो बरा होऊन निघून जातो. तिची जखम ओली असतानाच अरुण (राजेश खन्ना) दाखल होतो आणि तेच नाटक पुन्हा तिच्या वाट्याला येते. अरुण सावरतो. राधा मात्र त्याच रुग्णालयात रुग्ण होऊन राहते. शुश्रूषा करणाऱ्याच्या मनाचे काय होते, हा प्रश्न इतक्या थेटपणे हिंदीत पुन्हा क्वचितच विचारला गेला.

पुढच्या काळात रुग्णालय हे खलनायकांच्या सोयीचे ठिकाण झाले. ‘दामिनी’ (१९९३) मध्ये बलात्काराची साक्षीदार असलेल्या नायिकेला वेडी ठरवून डांबले जाते. ‘क्यों कि’ (२००५) मध्ये नायकाच्या मेंदूवर शस्त्रक्रिया करून त्याला जिवंतपणी संपवले जाते. हातपाय बांधलेला, किंचाळणारा रुग्ण आणि विजेचा झटका हे दृश्य तर प्रेक्षकांच्या मनात इतके रुजले आहे की नातेवाईक आजही ‘शॉक’ या शब्दानेच हादरतात. प्रत्यक्षात विद्युत उपचार भूल आणि स्नायू सैल करणारे औषध देऊन केला जातो. रुग्णाला त्या वेळी जाणीव नसते. मानसिक आरोग्यसेवा कायदा, २०१७ ने या दोन्हींशिवाय तो देण्यास आणि रुग्णाला साखळीने बांधण्यास मनाई केली आहे.

‘भूलभुलैया’ (२००७) मध्ये मानसोपचारतज्ज्ञच नायक झाला, ही मोठी गोष्ट होती. दुभंगलेल्या व्यक्तिमत्त्वाला तो भूतबाधा म्हणत नाही. तरीही उपाय एका रात्रीत आणि मांत्रिकी विधीच्याच थाटात होतो. त्या मानाने सुमित्रा भावे आणि सुनील सुकथनकर यांचा मराठी ‘देवराई’ (२००४) फार पुढे होता: स्किझोफ्रेनिया घरात आला की बहिणीच्या संसारावर किती ताण येतो, हे तो सावकाश उलगडतो.

भाषेवरही या चित्रपटांचा ठसा आहे. ‘लगे रहो मुन्नाभाई’ (२००६) मुळे ‘केमिकल लोचा’ घरोघरी पोहोचला. भासांना मेंदूशी जोडणारा हा सोपा शब्द होता. दुर्दैवाने तो चिडवण्यासाठीच जास्त वापरला गेला. २०१९ मध्ये ‘मेंटल है क्या’ या नावाला मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेने हरकत घेतली आणि चित्रपट ‘जजमेंटल है क्या’ नावाने प्रदर्शित झाला. ‘येरवड्याला पाठवा’ म्हणून थट्टा करणाऱ्या आपल्यालाही त्या हरकतीमागचे दुखणे कळायला हवे.

गौरी शिंदे यांचा ‘डिअर जिंदगी’ (२०१६) समुपदेशनाच्या खोलीत आला. झोप उडालेली कायरा (आलिया भट) गोव्यात डॉ. जहांगीर खान (शाहरुख खान) यांच्यासमोर बसते, विषय टाळते, चिडते, आणि बऱ्याच भेटींनंतर लहानपणी आईवडिलांपासून दूर राहिल्याचे दुःख बोलते. समुद्रकिनारी सायकल चालवत होणारी सत्रे व्यवसायाच्या शिस्तीत बसत नाहीत, ही टीका रास्त आहे. पण शेवटच्या सत्रात कायरा आपली ओढ बोलून दाखवते, तेव्हा जहांगीर तिला कमी न लेखता, नात्याची मर्यादा समजावून, नकार देतो. राधाला अशी मर्यादा कोणीच आखून दिली नव्हती. सत्र संपते, पुढची भेट ठरत नाही, आणि कायरा एकटी बाहेर पडते.