आलेखातलं टोक म्हणजे स्पिन ग्लास नव्हे

तांब्यात दर शंभर अणूंमागे एक अणू मँगनीजचा मिसळायचा असेल, तर १० ग्रॅम मिश्रधातूला सुमारे ८७ मिलिग्रॅम मँगनीज लागतं. (इथे अणूंची टक्केवारी धरायची. वजनाची धरली तर १०० मिलिग्रॅम टाकलं जातं आणि सगळी तापमानं सरकतात.) तांबं स्वतः चुंबक नाही, पण मँगनीजचा प्रत्येक अणू छोट्या चुंबकासारखा वागतो. त्या चुंबकाच्या दिशेला आपण स्पिन म्हणू. हा तुकडा साधारण १० केल्विनपर्यंत, म्हणजे उणे २६३ अंश सेल्सिअसपर्यंत थंड केला की सगळे स्पिन गोठतात, मात्र प्रत्येकाची दिशा वेगळी. लोहचुंबकाची (सगळे स्पिन एकाच दिशेला) किंवा प्रतिलोहचुंबकाची (शेजारचे स्पिन विरुद्ध दिशांना) रचना न्यूट्रॉनच्या झोताने दिसते. तुर्भ्याच्या ध्रुव अणुभट्टीवर असे प्रयोग होतात. या मिश्रधातूत चुंबकीय क्रमाची तीक्ष्ण शिखरं मात्र गोठणबिंदूखालीही उमटत नाहीत. हाच स्पिन ग्लास.

असं का होतं याचं मूळ तांब्यातल्या मोकळ्या इलेक्ट्रॉनांत आहे. दोन मँगनीज अणू एकमेकांना या इलेक्ट्रॉनांमार्फत जाणवतात, आणि अंतर वाढत जाईल तसा हा परिणाम नुसता घटत नाही, तर चिन्हही बदलत राहतो. एका अंतरावर दोन स्पिनना समांतर राहायचं असतं, थोडं पुढे गेलं की विरुद्ध. तांब्यात चिन्ह साधारण दर १.१५ अँगस्ट्रॉमला (अँगस्ट्रॉम म्हणजे मीटरचा हजार कोटीवा भाग) उलटतं. एक टक्का मिश्रणात मँगनीज अणूंमधलं सरासरी अंतर १० अँगस्ट्रॉमच्या आसपास असतं आणि शेजारच्या दोन तांबे अणूंमधलं २.५६. म्हणजे मँगनीजचा अणू एक घर इकडेतिकडे बसला तरी मैत्रीचं वैर होऊ शकतं.

दादरच्या एखाद्या सोसायटीत तीन गाडीवाले आहेत आणि पार्किंगच्या बाजू दोनच, असं समजा. तिघांचंही एकमेकांशी पटत नाही, प्रत्येकाला इतर दोघांच्या समोरची बाजू हवी. कशीही वाटणी करा, एक जोडी एकाच बाजूला येणारच. याला भौतिकीत फ्रस्ट्रेशन म्हणतात. ही कल्पना जेरार तुलूझ यांनी १९७७ मध्ये नेमकी मांडली: शेजारच्या दोन स्पिनमधलं नातं म्हणजे बंध, मैत्रीचा धन आणि वैराचा ऋण; जाळ्यातल्या चौकोनाच्या चार बंधांच्या चिन्हांचा गुणाकार ऋण आला, तर त्या चौकोनाचं कधीच समाधान होत नाही. यातून एक गोष्ट कळते जी पुष्कळदा विसरली जाते. नुसता गोंधळ पुरत नाही. बंधांची चिन्हं वरवर कशीही विखुरलेली असली, तरी प्रत्येक बंद वाटेवरचा गुणाकार धन असेल, तर काही स्पिनचं ‘वर’ आणि ‘खाली’ आपापसांत बदलून ते सगळं साध्या लोहचुंबकात रूपांतरित करता येतं.

आता मोजमाप. १९७२ मध्ये कॅनेला आणि मायडॉश यांनी सोनं-लोखंडाच्या मिश्रधातूंची एसी ससेप्टिबिलिटी मोजली, म्हणजे अगदी लहान, आलटतं-पालटतं चुंबकीय क्षेत्र लावून पदार्थ किती प्रतिसाद देतो ते पाहिलं. आलेखात एका तापमानाला टोकदार शिखर आलं. त्याआधी हे दिसलं नव्हतं, कारण मोजताना लावलेलं क्षेत्र मोठं असे. शंभरेक गॉसमध्ये (गॉस हे चुंबकीय क्षेत्राचं एकक) ते टोक बोथट होतं. म्हणून क्षेत्र एक-दोन गॉसचं ठेवायचं. मुंबईत पृथ्वीचं क्षेत्रच सुमारे ०.४ गॉस आहे, त्यामुळे नमुन्याभोवती चुंबकीय कवच नसेल तर ‘शून्य क्षेत्र’ हे शून्य नसतं.

नमुना बनवतानाच अर्धी लढाई असते. तांबं ९९.९९९ टक्के शुद्ध घ्यावं, कारण लोखंडाचा लवलेशही चुंबकीय आहे. आर्गॉनमध्ये आर्क भट्टीत वितळवताना मँगनीजची वाफ उडते, म्हणून वितळवण्याआधी आणि नंतर वजन करून घट पाहायची. गोळी उलटून पुन्हा पुन्हा वितळवायची, मग बंद नळीत ९०० अंश सेल्सिअसच्या आसपास निदान दिवसभर ठेवायची आणि थेट पाण्यात टाकायची. भट्टीतच हळूहळू गार होऊ दिली तर मँगनीजचे अणू विखुरलेले राहत नाहीत, त्यांची स्थानिक मांडणी बदलते आणि आपण भलताच पदार्थ मोजत बसतो.

मग हीलियमचा क्रायोस्टॅट, म्हणजे नमुना थंड ठेवणारं पात्र. पावसाळ्यात मुंबईची दमट हवा उघड्या तोंडातून आत गेली की नळीच्या गळ्याशी बर्फ साचतो. हवेतला ऑक्सिजन नमुन्यापाशी गोठला तर ४३-४४ केल्विनपाशी एक खोटा उंचवटा येतो. तो दिसला की नवा चुंबकीय बदल सापडला म्हणून नाचू नये, आधी गळती शोधावी. दुसरी नेहमीची फसवणूक अतिवाहक चुंबकाची: मोठं क्षेत्र लावून शून्यावर आणलं तरी काही गॉस आत अडकून राहतात. शून्य क्षेत्रात थंड केलेल्या नमुन्याचं चुंबकत्व ऋण आलं, तर पहिला संशय यावरच घ्यावा. क्षेत्र डावी-उजवीकडे लहान लहान होत जाणाऱ्या झोक्यांनी शून्यावर आणलं की हा अवशेष बराच कमी होतो.

नमुना शून्य क्षेत्रात थंड करून मग क्षेत्र लावून तापवला, आणि दुसऱ्यांदा क्षेत्रासहच थंड केला, तर गोठणबिंदूखाली दोन वक्र वेगळे होतात. पुष्कळ ठिकाणी इथेच थांबून ‘हा स्पिन ग्लास’ असं लिहिलं जातं. ते मला पटत नाही. एकमेकांशी संबंध नसलेल्या चुंबकीय नॅनोकणांतही हे वक्र फुटतात. साध्या लोहचुंबकातही फुटतात, डोमेनच्या, म्हणजे एकाच दिशेच्या स्पिनच्या गटांच्या, भिंती अडकल्या की झालं.

फरक कळतो तो वारंवारतेतून. वारंवारता दहापट केल्यावर टोकाचं तापमान मूळ तापमानाच्या किती पट सरकतं ते काढायचं. तांबे-मँगनीजमध्ये हे प्रमाण ०.००५ च्या आसपास आहे. सुट्या नॅनोकणांत ०.१ किंवा त्याहून जास्त. १० केल्विनवरचं टोक १ ते १००० हर्ट्झ या तीन दहापटींत स्पिन ग्लासमध्ये फक्त ०.१५ केल्विन सरकेल, नॅनोकणांत ३ केल्विन. अर्थात तापमानाची पावलं अर्ध्या केल्विनची ठेवली तर ०.१५ चा फरक हरवूनच जातो. टोकाजवळ ०.०२ केल्विनची पावलं हवीत, आणि प्रत्येक पावलावर तापमान स्थिर व्हायला वेळ द्यायला हवा.

त्याहून खात्रीची परीक्षा घड्याळाची आहे. गोठणबिंदूच्या ०.८ पट तापमानावर शून्य क्षेत्रात आणायचं, तिथे ३०० सेकंद थांबायचं, मग लहानसं क्षेत्र लावून चुंबकत्व वेळेनुसार नोंदवायचं. पुन्हा तापवून हेच ३,००० आणि ३०,००० सेकंद थांबून करायचं. चुंबकत्वाच्या वाढीचा उतार वेळेच्या लॉगरिदमवर काढला की शिखर साधारण तितक्याच सेकंदांना येतं जितके आपण थांबलो होतो. लुंडग्रेन आणि सहकाऱ्यांनी १९८३ मध्ये तांबे-मँगनीजमध्ये हे दाखवलं. पदार्थाला वय असतं आणि ते मोजता येतं.

गणिताकडे वळलं तर अडचण पहिल्याच पावलावर आहे. सरासरी चुंबकत्व शून्य, मग गोठणं मोजायचं कशाने? एडवर्ड्स आणि अँडरसन यांनी १९७५ मध्ये त्यासाठी एक माप सुचवलं. ते असं समजता येतं: एकाच बंधांच्या जाळ्यावर व्यवस्थेच्या दोन प्रती चालवा आणि त्यांचे स्पिन किती जुळतात ते पाहा. हे जुळणं म्हणजे q. त्याच वर्षी शेरिंग्टन आणि कर्कपॅट्रिक यांनी प्रत्येक स्पिन प्रत्येकाशी जोडलेलं प्रारूप सोडवलं, आणि निरपेक्ष शून्याला एन्ट्रॉपी दर स्पिनमागे उणे ०.१६ (बोल्ट्झमन स्थिरांकाच्या पटीत) आली. स्पिन फक्त वर-खाली असतील तर एन्ट्रॉपी म्हणजे स्थितींच्या संख्येचा लॉगरिदम. ती ऋण येणं अशक्य. चूक बेरजेत नव्हती, सगळ्या प्रती एकसारख्या मानण्यात होती. १९७९ मध्ये जॉर्जिओ पारिसी यांनी ती समानता मोडली आणि एका q ऐवजी q चं आख्खं फलन घेतलं. किमान ऊर्जा दर स्पिनमागे उणे ०.७९८ वरून उणे ०.७६३ वर आली, आणि ती संगणकाच्या आकड्यांशी जुळते. गणिती सिद्धतेला मात्र फ्रांचेस्को गेर्रा यांचं २००३ चं काम आणि २००६ मधला मिशेल तालाग्रां यांचा शोधनिबंध यावा लागला. पारिसींना २०२१ चं नोबेल, तालाग्रांना २०२४ चं आबेल पारितोषिक मिळालं.

घरच्या लॅपटॉपवर हे करून पाहता येतं. ८×८×८ चं जाळं घ्या: ५१२ स्पिन, १,५३६ बंध, प्रत्येक बंधाला नाणेफेकीने +१ किंवा −१. आधी सगळे बंध +१ ठेवून प्रोग्रॅम तपासा, ४.५१ तापमानाच्या आसपास (बंधाची ताकद १ धरून) लोहचुंबक व्हायला हवा. मग ३×३×३ चं जाळं घ्या, त्याच्या १३ कोटी ४२ लाख स्थिती सरळ मोजून काढता येतात, त्यांच्याशी सरासरी ताडून पाहा. खऱ्या धावेत स्पिन ग्लासचा बिंदू १.१ जवळ आहे, पण तिथे साधी मॉन्टे कार्लो पद्धत, म्हणजे स्पिन यादृच्छिकपणे उलटवत जाणं, ऊर्जेच्या दरीत रुतते. म्हणून ०.७ ते २ अशा पंधरा-वीस तापमानांवर प्रती एकाच वेळी चालवून शेजारच्या तापमानांत अदलाबदल करायची. अदलाबदल वीस टक्क्यांहून कमी वेळा होत असेल तर तापमानं आणखी जवळ घ्या. दोन प्रतींची सुरुवात आणि रँडम सीड (यादृच्छिक आकड्यांचं बीज) दोन्ही एकच ठेवलं तर q कायम १ येईल आणि शोध लागल्यासारखं वाटेल. त्रुटी काढताना स्वीपची (सगळ्या स्पिनवरून एक फेरी म्हणजे स्वीप) संख्या मोजायची नाही, वेगवेगळ्या जाळ्यांची मोजायची, कारण एकाच आकाराची दोन जाळी एकमेकांपेक्षा फार वेगळी वागतात. शंभर जाळ्यांवर निष्कर्ष काढू नये.

तापमानाशिवायही इतिहास उरतो, त्यासाठी एक सोपा भाऊबंद आहे. बंध सगळे मैत्रीचे, पण प्रत्येक स्पिनवर स्वतःचं विस्कळीत क्षेत्र. बाहेरचं क्षेत्र हळूहळू वाढवलं की स्पिन हिमस्खलनासारखे गटागटाने उलटतात. तेव्हा कुलाब्याच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत असलेले दीपक धर यांनी प्रबोध शुक्ला आणि जेम्स सेथ्ना यांच्यासोबत १९९७ मध्ये फांद्यांच्या जाळ्यावर, म्हणजे बेथे जाळ्यावर, हे शून्य तापमानाला नेमकं सोडवलं. प्रत्येक स्पिनला चार शेजारी असतील तर विस्कळीतपणा कमी असताना चुंबकत्व एका झटक्यात उडी मारतं. शेजारी तीन असतील तर विस्कळीतपणा कितीही थोडा ठेवा, उडी येतच नाही.