दुसरा बाण

छत्रपती संभाजीनगरला विद्यापीठामागच्या डोंगरात बुद्ध लेणी आहेत. तिथल्या तिसऱ्या लेण्याच्या गाभाऱ्यात बुद्धमूर्तीसमोर माणसाएवढे उपासक-उपासिका गुडघे टेकून, हात जोडून बसलेले कोरले आहेत. बघणाऱ्यांची नजर त्यांच्या केशरचनेवर आणि दागिन्यांवर जाते. माझी गुडघ्यांवर जाते. असं अर्धा तास बसून पाहा, गुडघा ठणकू लागतो आणि मन लगेच कुरकुर सुरू करतं: कधी संपणार हे?

संयुत्त निकाय या पाली ग्रंथातल्या सल्ल सुत्तात बुद्धांनी नेमकं हेच सांगितलं आहे. वेदना हा पहिला बाण. तिच्याविषयीचा त्रागा हा दुसरा. साधकाला पहिलाच लागतो. प्रतीत्यसमुत्पादाच्या, म्हणजे एकातून दुसरं उपजत दुःख कसं तयार होतं हे सांगणाऱ्या साखळीत वेदनेतून तृष्णा उपजते आणि विपश्यनेची सगळी मेहनत या दोन कड्यांच्या मधे आहे. आनापानात, म्हणजे येणारा-जाणारा श्वास बघण्याच्या सरावात, मन स्थिरावतं, मग वेदना उठते, वाढते, विरते हे नुसतं बघायचं.

अमेरिकेतल्या वेक फॉरेस्ट विद्यापीठाच्या 2011 साली प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात 15 जणांना रोज 20 मिनिटं असं चार दिवस श्वासावरचं ध्यान शिकवलं. मग पायाला 49 अंश सेल्सिअसचा चटका देऊन मेंदूचं स्कॅन घेतलं. ध्यानात असताना वेदनेची तीव्रता सरासरी 40 टक्क्यांनी कमी नोंदली गेली, तिचा नकोसेपणा मात्र 57 टक्क्यांनी. दोन बाण वेगळे मोजता येतात, हे मला फार मोलाचं वाटतं. माणसं मोजकीच होती, हेही खरं. 2016 मध्ये प्रसिद्ध झालेल्या प्रयोगात त्याच संशोधकांच्या गटाने नॅलॉक्सोन हे औषध देऊन शरीरातली अफूसारखी वेदनाशामक रसायनं निष्प्रभ केली. तरी ध्यानाचा आराम टिकला. म्हणजे मेंदू इथे दुसरीच वाट धरतो.

प्रयोगशाळा इथवर येते. निब्बाण म्हणजे लोभ, द्वेष, मोह यांचा क्षय. तो स्कॅनमध्ये दिसत नाही. म्हणूनच ध्यानाला टेन्शनवरची गोळी करून विकणं मला खटकतं. अष्टांगिक मार्गात सम्यक समाधीबरोबर सम्यक वाणी आणि सम्यक आजीविकाही आहे. आपल्याकडच्या विहारांत वंदनेत त्रिसरण-पंचशील आधी म्हणतात, त्याला अर्थ आहे: दिवसभर खोटं बोलून आलेलं मन संध्याकाळी डोळे मिटले म्हणून शांत बसत नाही.

गुडघा खरंच दुखावला असेल तर खुर्चीवर बसा. मनाचा गंभीर आजार असेल तर दीर्घ शिबिराला जाण्याआधी डॉक्टरांना विचारा. औषध आपल्या मनाने बंद करू नका.