रीबिल्ड की रीटूल? एनएफएल संघाचा बदलाचा हंगाम कसा ओळखायचा

मार्चच्या मध्यावर एनएफएल या अमेरिकन फुटबॉल लीगचं नवं वर्ष सुरू होतं आणि दर वेळी काही संघ आपले नावाजलेले खेळाडू विकतात किंवा करारातून मोकळे करतात. बातम्यांचा सूर एकच असतो: संघ बदलाच्या वाटेवर आहे. त्यातले काही संघ खरोखरच सगळं पाडून पायापासून बांधायला घेतात, ते रीबिल्ड. बाकीचे चालत्या संघातले वयस्कर आणि महाग खेळाडू काढून त्या जागी तरुण, स्वस्त खेळाडू बसवतात, ते रीटूल. मार्चमध्ये दोन्ही हुबेहूब सारखे दिसतात. किती सामने जिंकले यावरून ओळखायला जाल तर हमखास फसाल. त्यापेक्षा कोणाला विकलं आणि मोबदल्यात काय घेतलं, ते पाहावं.

रीबिल्डचं चोख उदाहरण म्हणजे 2019 चा मायामी डॉल्फिन्स. हंगामाला जेमतेम आठवडा उरला असताना त्यांनी लॅरेमी टन्सिलला ह्यूस्टनला देऊन टाकलं. टन्सिल लेफ्ट टॅकल, म्हणजे उजव्या हाताने फेकणाऱ्या क्वार्टरबॅकची (हल्ला चालवणाऱ्या, पास फेकणाऱ्या खेळाडूची) पाठ सांभाळणारा. वय अवघं 25. असा खेळाडू सहसा कुणी विकत नाही. त्याच्यासोबत रिसीव्हर, म्हणजे पास झेलणारा, केनी स्टिल्सही गेला. बदल्यात आले पहिल्या फेरीचे दोन पिक, म्हणजे ड्राफ्टमध्ये (नव्या खेळाडूंच्या वार्षिक निवडीत, जिथे आधी हरलेल्या संघांची पाळी लवकर येते) खेळाडू निवडायचे हक्क (2020 आणि 2021) आणि 2021 चा दुसऱ्या फेरीचा एक. दोन सामने होतात न होतात तोच 22 वर्षांचा सेफ्टी (बचावातला मागचा खेळाडू) मिंका फिट्झपॅट्रिक पिट्सबर्गला गेला आणि पहिल्या फेरीचा आणखी एक पिक हाती आला.

रीबिल्डची सगळ्यात पक्की खूण इथे दिसते: चांगले तरुण खेळाडूही विक्रीला निघतात. संघाला खात्री असते की आपण पुन्हा जिंकायला लागू तोवर हा खेळाडू महाग झालेला असेल किंवा त्याचा करार संपलेला असेल. मग आजच त्याचे पिक करून घेतलेले बरे. मैदानावर त्याची किंमत मोजावी लागतेच. डॉल्फिन्स पहिल्याच सामन्यात बाल्टिमोरकडून 59-10 ने हरले, दुसऱ्यात न्यू इंग्लंडकडून 43-0 ने. पहिल्या चार सामन्यांत त्यांचे गुण 26 आणि प्रतिस्पर्ध्यांचे 163. सलग सात पराभवांनंतर पहिला विजय मिळाला आणि हंगाम 5-11 (5 विजय, 11 पराभव) वर संपला. त्यावर 2020 च्या ड्राफ्टमध्ये पाचवा क्रमांक मिळाला आणि त्यातून क्वार्टरबॅक टुआ टॅगोवाइलोआ आला.

आता सिएटल सीहॉक्सचा 2022 चा हंगाम घ्या. मार्चमध्ये एकाच दिवशी दोन धक्के बसले. दहा हंगाम क्वार्टरबॅक असलेला रसेल विल्सन डेन्व्हरला विकल्याची बातमी आली आणि बचावफळीचा कणा असलेला लाइनबॅकर बॉबी वॅग्नर करारातून मोकळा झाला. रीबिल्ड सुरू झालं, असं बहुतेकांनी धरून टाकलं. पण विल्सन 33 चा होता, वॅग्नर 31 चा. 24 वर्षांचा रिसीव्हर डीके मेटकाफ विकला तर गेला नाहीच, उलट जुलैमध्ये त्याला 3 वर्षांसाठी 7.2 कोटी डॉलरचा करार मिळाला. विल्सनच्या बदल्यात पहिल्या फेरीचे दोन आणि दुसऱ्या फेरीचे दोन पिक आलेच, शिवाय क्वार्टरबॅक ड्रू लॉक, टाइट एंड नोआ फँट आणि डिफेन्सिव्ह लाइनमन शेल्बी हॅरिस हे त्याच हंगामात मैदानात उतरू शकणारे तीन खेळाडूही आले. जो संघ सगळं पाडायला निघालाय तो टाइट एंड आणि डिफेन्सिव्ह लाइनमनसाठी सौदा ताणत बसत नाही, आणखी पिक मागतो.

ड्राफ्टमध्ये सीहॉक्सनी केलेलं काम अजूनही अभ्यासावं असं आहे. नवव्या क्रमांकावर लेफ्ट टॅकल चार्ल्स क्रॉस, 72 व्या क्रमांकावर राइट टॅकल एब लुकास, आणि दोघंही पहिल्याच सामन्यापासून सुरुवातीच्या अकरांत. 41 व्या क्रमांकावर रनिंग बॅक (चेंडू घेऊन धावणारा) केनेथ वॉकर, पाचव्या फेरीत 153 व्या क्रमांकावर कॉर्नरबॅक (रिसीव्हरला अडवणारा बचावपटू) तारिक वूलन. क्वार्टरबॅकची जागा मात्र नव्या मुलाला दिली नाही. आधीपासून राखीव असलेल्या जीनो स्मिथला ती मिळाली, तीही अगदी थोड्या पगारात. दोन्ही टोकांना नवे टॅकल बसवायचे आणि त्यांच्यामागे चेंडू झटपट सोडणारा अनुभवी क्वार्टरबॅक उभा करायचा, हा हिशोब बरोबर बसला. स्मिथचे 69.8 टक्के पास पूर्ण झाले, लीगमध्ये सर्वाधिक. संघ 9-8 करून प्लेऑफमध्ये पोहोचला आणि तिथे सॅन फ्रान्सिस्कोकडून 41-23 ने हरला.

पैशाच्या बाजूने बघताना बरेच जण घसरतात. आयपीएलमध्ये खेळाडू सोडला की त्याची पूर्ण रक्कम पर्समध्ये परत येते. एनएफएलमध्ये तसं होत नाही. करारावर सही करताना दिलेला बोनस हिशोबात जास्तीत जास्त 5 वर्षांवर समान वाटला जातो. समजा 5 वर्षांच्या करारात 5 कोटी डॉलर बोनस दिला, तर दर वर्षी कॅपवर (संघाच्या वार्षिक पगार-खर्चाच्या मर्यादेवर) 1 कोटी पडतात. दोन हंगामांनंतर त्या खेळाडूला विकलं किंवा सोडलं की उरलेले 3 कोटी एकदम त्याच वर्षाच्या कॅपवर येऊन आदळतात. खेळाडू दुसऱ्याच्या मैदानावर खेळत असतो आणि रक्कम आपल्या खात्यात दिसते. हेच डेड मनी. 1 जूननंतर सोडलं तर त्या वर्षी 1 कोटी आणि पुढच्या वर्षी 2 कोटी, अशी फोड करता येते. दोन खेळाडूंपुरती ही सवलत मार्चमध्येच नोंदवून ठेवायची मुभाही संघाला असते.

सीहॉक्सच्या खात्यात विल्सनपायी 2.6 कोटी डॉलर डेड मनी आला. त्या वर्षी कॅप 20.82 कोटींची होती, म्हणजे आठवा हिस्सा न खेळणाऱ्या माणसावर गेला. अटलांटाने त्याच मार्चमध्ये मॅट रायनला इंडियानापोलिसला दिलं तेव्हा आकडा 4.05 कोटींच्या आसपास होता, जवळपास पाचवा हिस्सा. पण डेड मनी भरपूर म्हणजे रीबिल्ड, हे समीकरणही टिकत नाही. डेन्व्हरने 2024 मध्ये त्याच विल्सनला सोडलं तेव्हा एकूण 8.5 कोटींचा डेड मनी झाला आणि त्यातले 5.3 कोटी त्याच वर्षी कॅपवर आले. तरी बारावा पिक असलेल्या बो निक्सला क्वार्टरबॅक करून संघ 10-7 ने प्लेऑफमध्ये गेला. ऑफेन्सिव्ह लाइन (क्वार्टरबॅकसमोरची फळी) बव्हंशी तीच होती, आणि कॉर्नरबॅक पॅट्रिक सर्टनला विकण्याऐवजी त्याचा करार वाढवला होता. कोणाला ठेवलं, हेही तितकंच बोलतं.

रीबिल्डमध्ये पैसे साठवून ठेवू, असंही चालत नाही. न वापरलेली कॅप पुढच्या वर्षी नेता येते, पण ठरावीक वर्षांच्या टप्प्यात कॅपच्या 90 टक्के रक्कम खेळाडूंवर प्रत्यक्ष खर्च करावीच लागते. खेळाडू गमावल्याबद्दल लीग भरपाईचे जे जादा पिक देते, ते करार संपून गेलेल्यांपुरतेच. आपण होऊन सोडलेल्या खेळाडूमागे काही मिळत नाही. म्हणून करार संपायच्या आधी विकावं की संपू द्यावा, हा प्रश्न दोन्ही वाटांवर येतो.

सगळ्यात जास्त नुकसान होतं ते आपण कुठल्या वाटेवर आहोत हे ओळखायला चुकलेल्या संघाचं. विल्सनच्या सौद्यातला डेन्व्हर तसाच. फक्त क्वार्टरबॅकची उणीव आहे, असं धरून त्यांनी दोन वर्षांचे वरचे पिक दिले आणि विल्सन एकही सामना खेळायच्या आत त्याला 5 वर्षांचा 24.5 कोटींचा वाढीव करार दिला. हंगाम 5-12, प्रशिक्षक नॅथॅनियल हॅकेट 15 सामन्यांनंतर घरी. त्या पराभवांमुळे डेन्व्हरचा 2023 चा पिक थेट पाचवा ठरला आणि तो सिएटलकडे होता. त्यावर त्यांनी कॉर्नरबॅक डेव्हन विदरस्पून घेतला.

रीबिल्डचा धोका वेगळा आहे, तो वेळेचा. ड्राफ्टमधल्या खेळाडूचा करार 4 वर्षांचा, आणि पाचव्या वर्षाचा हक्क फक्त पहिल्या फेरीतल्या खेळाडूवर. तेवढ्यात संघ उभा राहिला नाही तर पगार वाढायला लागतात. डॉल्फिन्सनी म्हणून पिक साठवले नाहीत, फिरवले. टन्सिलमधून आलेला ह्यूस्टनचा 2021 चा पिक तिसऱ्या क्रमांकाचा निघाला. तो सॅन फ्रान्सिस्कोला देऊन त्यांनी बारावा पिक आणि पुढच्या दोन वर्षांचे पहिल्या फेरीचे पिक घेतले. बारावा पिक आणि आपला 2022 चा पहिल्या फेरीचा पिक फिलाडेल्फियाला देऊन ते सहाव्या क्रमांकावर सरकले आणि रिसीव्हर जेलन वॉडल घेतला. सॅन फ्रान्सिस्कोचा 2022 चा पिक 29 वा निघाला, तो मार्च 2022 मध्ये आणखी चार पिकसह कॅन्सस सिटीला दिला आणि टायरीक हिल आणला. तिकडे कॅन्सस सिटीचं मात्र रीटूल चालू होतं. महाग रिसीव्हर विकून आलेला तोच 29 वा पिक आणखी दोन पिकसह न्यू इंग्लंडला देऊन ते 21 व्या क्रमांकावर गेले, कॉर्नरबॅक ट्रेंट मॅक्डफी घेतला आणि त्याच हंगामात 38-35 ने सुपर बोल, म्हणजे लीगचा अंतिम सामना, जिंकले. डॉल्फिन्स 2022 आणि 2023 असे दोन हंगाम प्लेऑफमध्ये गेले आणि दोन्ही वेळा पहिल्याच सामन्यात हरले. दुसऱ्या वेळचा सामना कॅन्सस सिटीतच होता, 26-7.