'आ-हा' हा एका गाण्याचा बँड नव्हता

नॉर्वेच्या 'आ-हा' या सिंथ-पॉप (सिंथेसायझरवर आधारलेले पॉप संगीत) बँडला 'टेक ऑन मी' या एकाच गाण्याने तारले, ही समजूत वर्षानुवर्षे सांगितली जाते. ती चुकीची आहे आणि मुख्यतः अमेरिकेतील गाण्यांच्या लोकप्रियतेच्या क्रमवारीकडे पाहून रूढ झालेली आहे. त्या गाण्याने १९८५ मध्ये अमेरिकेत पहिला क्रमांक मिळवला हे खरे, मात्र ब्रिटनमध्ये ते दुसऱ्या क्रमांकावर थांबले आणि तेथे पहिले स्थान मिळाले ते जानेवारी १९८६ मध्ये 'द सन ऑलवेज शाइन्स ऑन टीव्ही' या त्यांच्या पुढच्या गाण्याला. १९८७ मध्ये त्यांनी जेम्स बाँडच्या चित्रपटाचे शीर्षकगीतही गायले.

'टेक ऑन मी'चे यशही सहज आलेले नव्हते. १९८४ मधील पहिली आवृत्ती चालली नाही; ॲलन टार्नी यांच्या निर्मितीखाली ते नव्याने ध्वनिमुद्रित झाले आणि स्टीव्ह बॅरन यांचा पेन्सिलरेखाटनांचा व्हिडिओ आला, तेव्हा कुठे लोकांनी बँडचे गायक मोर्टेन हार्केट यांचा तो विलक्षण उंच स्वर नीट ऐकला. व्हिडिओच्या प्रभावामुळे बँडमधील माग्ने फुरुहोल्मेन आणि पॉल वाक्तार यांची संगीतरचना झाकोळली गेली, हा मोठा अन्याय आहे. हा एका गाण्याचा बँड असता, तर १९९१ मध्ये ब्राझीलमधील रिओच्या माराकाना मैदानावर जवळजवळ दोन लाख श्रोते त्यांना ऐकायला जमले नसते.